गोविंदराव टेंबे यांची सांगीतिक कारकीर्द आणि मराठी रंगभूमीवरील पेटी : एक ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना

संगीताच्या इतिहासलेखनात गायकाला जे स्थान मिळते ते साथीदाराला सहसा मिळत नाही. गायकाची घराणी सांगितली जातात, त्याच्या गुरुपरंपरेची वंशावळ मांडली जाते. परंतु त्याच मैफलीत त्याच्या डाव्या हाताला बसलेल्या पेटीवादकाचे नाव बहुधा आठवणींच्या पुस्तकांत ओझरते येऊन जाते. महाराष्ट्राच्या बाबतीत ही उणीव अधिकच जाणवते. कारण विसाव्या शतकाच्या पहिल्या तीन-चार दशकांत मराठी माणसाच्या कानावर जे संगीत पडले, त्याचा मोठा भाग पेटीच्या किंवा ऑर्गनच्या सुरांवर उभा होता.

गोविंद सदाशिव टेंबे (१८८१–१९५५) हे या नियमाला अपवाद ठरलेले नाव होय. पेटीवादक, नाट्यसंगीतकार, नट, नाटक मंडळीचे भागीदार, बोलपटाचे संगीतदिग्दर्शक आणि ग्रंथकार अशा अनेक नात्यांनी त्यांचा परिचय करून दिला जातो. मात्र या परिचयात पेटीवादन हा त्यांच्या आयुष्यातील केवळ पहिला टप्पा मानला जातो आणि पुढील कर्तृत्व त्यापासून वेगळे काढले जाते. प्रस्तुत लेखात याच समजाची फेरतपासणी करावयाची आहे. टेंबे यांचे पुढील कार्य पेटी सोडून झालेले नसून पेटीमुळे घडलेले आहे, अशी या लेखाची भूमिका आहे. त्यासाठी सातारा, सांगली व कोल्हापूर या परिसरात त्याच काळी पेटीविषयी चाललेल्या विचारमंथनाचाही आढावा घेणे क्रमप्राप्त ठरते.

पेटीचे आगमन आणि तिची मर्यादा

हार्मोनियम हे वाद्य मूळचे युरोपातील. पॅरिस येथील अलेक्झांद्र देबँ याने एकोणिसाव्या शतकाच्या पाचव्या दशकाच्या आरंभी ते सिद्ध केले. हिंदुस्थानात ते पायाने भाता चालवावयाच्या स्वरूपात आले. कलकत्त्याचे द्वारकानाथ घोष यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या पाव शतकात ते हाताने भाता मारता येईल असे सुटसुटीत केले आणि जमिनीवर बसून गाणाऱ्या-वाजविणाऱ्या समाजाच्या बैठकीत ते सहज सामावले गेले. मराठीत त्याला ‘बाजाची पेटी’ व पुढे नुसते ‘पेटी’ असे घरगुती नाव मिळाले. पायाने वाजविण्याच्या प्रकारास ‘पायपेटी’ म्हटले गेले आणि नाटकगृहात तिचेच थोरले भावंड असलेला ऑर्गन स्थिरावला.

या वाद्याची मर्यादा त्याच्या रचनेतच आहे. पेटीच्या सप्तकात बाराच पट्ट्या असतात. दोन पट्ट्यांच्या मधला सूर तिच्यातून निघू शकत नाही. त्यामुळे एका स्वरावरून दुसऱ्या स्वरावर घसरत जाणारी मींड तिला अशक्य आहे. दुसरी अडचण सुरांच्या मापाची आहे. पाश्चात्त्य समस्वरांतर पद्धतीत सप्तकाचे १२ समान भाग केले जातात. सप्तकाचे एकूण अंतर १२०० सेंट धरले तर या पद्धतीत शुद्ध गांधार ४०० सेंटांवर येतो. तंबोऱ्याच्या खर्जातून ऐकू येणारा नैसर्गिक गांधार मात्र सुमारे ३८६ सेंटांवर असतो. पंचमात हा फरक अवघा दोन सेंटांचा असल्याने तो खटकत नाही; गांधारातील १४ सेंटांचा फरक तयार कानाला लगेच जाणवतो.

असे असूनही पेटी महाराष्ट्रात रुजली, याचे कारण तिच्या गुणांत शोधावे लागते. तिचा सूर दीर्घकाळ टिकतो, आवाज मोठा असतो आणि ती हवामानाने सहसा बिघडत नाही. महत्त्वाचे म्हणजे गायक बदलला की सारंगी नव्याने मिळवावी लागते. पेटीवादक मात्र क्षणात पांढरी एकवरून काळी चारवर जाऊ शकतो. ध्वनिवर्धक नसलेल्या काळात, भरलेल्या नाटकगृहात, एकाच प्रयोगात वेगवेगळ्या पट्टीत गाणारे चार-पाच नट असताना या सोयीचे मोल किती असेल, याची कल्पना करता येते.

कोल्हापुरातील जडणघडण

टेंबे यांचा जन्म ५ जून १८८१ रोजी कोल्हापूर परिसरात झाला व त्यांचे पूर्वायुष्य कोल्हापुरात गेले. राजर्षी शाहू महाराजांच्या आश्रयामुळे त्या काळी कोल्हापूर हे संगीत, कुस्ती व नाट्य यांचे प्रमुख केंद्र बनले होते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस उस्ताद अल्लादिया खाँ कोल्हापूर दरबारी आले. गावात गायन समाज देवल क्लबसारखी संस्था होती, जेथे दरबाराबाहेरच्या रसिकालाही गाणे ऐकता येत असे. पुणे-मिरज लोहमार्ग आणि त्याला जोडणारा १८९१ चा मिरज-कोल्हापूर फाटा यांमुळे हे शहर पुण्या-मुंबईशी जोडले गेले होते. लोणंद, वाठार, कराड, मिरज अशी स्थानके घेत जाणाऱ्या या मार्गाने पुणे-मुंबईचे गायक-वादक आणि नाटक मंडळ्या यांना दक्षिण महाराष्ट्र जवळचा झाला. टेंबे यांच्या पिढीला नाना प्रकारचे गाणे आपल्याच गावी ऐकता आले, यामागे ही दळणवळणाची क्रांतीही आहे.

टेंबे यांनी पेटीचे शिक्षण कोणा एका गुरूजवळ रीतसर घेतले नाही. पेटीची अशी परंपराच तेव्हा अस्तित्वात नव्हती. ना तिचे घराणे होते, ना ठरलेले बोल, ना वादनाचा शास्त्रग्रंथ. ऐकावे आणि पट्ट्यांवर शोधावे, हीच शिकण्याची रीत होती. पुढे पंडित भास्करबुवा बखले (१८६९–१९२२) यांचा सहवास त्यांना लाभला. बुवांना त्यांनी गुरुस्थानी मानले आणि त्यांच्या गायनाची साथ केली. अल्लादिया खाँ यांच्या गायकीचाही त्यांनी जवळून अभ्यास केला व उत्तरायुष्यात त्यांचे चरित्र लिहिले.

या ठिकाणी साथीचे स्वरूप ध्यानात घेणे आवश्यक आहे. साथीदार गायकाच्या मागोमाग जातो. गायकाने घेतलेली जागा त्याला त्याच क्षणी ऐकावी लागते, तिच्यातील मुख्य स्वर कोणते व अलंकरण कोणते हे ओळखावे लागते आणि जे आपल्या वाद्यातून निघू शकत नाही ते सोडून उरलेले मांडावे लागते. मींड येत नसेल तर तिच्या दोन टोकांचे स्वर व मधला एखादा कणस्वर यांतून तिचा आभास निर्माण करावा लागतो. थोडक्यात, पेटीवादकाला प्रत्येक सुरावटीचा सांगाडा वेगळा काढता यावा लागतो. गायकाला ही गरज नसते. त्याच्या गळ्यात सांगाडा व मांस एकजीव असतात. वर्षानुवर्षे उत्तम गायकांच्या साथीस बसलेल्या टेंबे यांच्या ठायी हे पृथक्करणाचे कौशल्य मुरले आणि संगीतकार म्हणून तेच त्यांचे भांडवल ठरले.

‘मानापमान’ आणि संगीतकाराचा उदय

१२ मार्च १९११ रोजी किर्लोस्कर नाटक मंडळीने कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांचे ‘संगीत मानापमान’ मुंबईत रंगभूमीवर आणले. खाडिलकर मूळचे सांगलीचे. ज्या सांगलीत विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये ‘सीतास्वयंवर’ सादर केले, त्याच भूमीतील या नाटककाराने मराठी संगीत नाटकाला नवे वळण दिले. भामिनीच्या भूमिकेत बालगंधर्व, धैर्यधराच्या भूमिकेत नानासाहेब जोगळेकर आणि लक्ष्मीधराच्या भूमिकेत गणपतराव बोडस होते. त्याच दिवशी बालगंधर्वांच्या तान्ह्या कन्येचे निधन झाले असतानाही त्यांनी प्रयोग रद्द होऊ दिला नाही, ही हकीकत सर्वश्रुत आहे. संगीताच्या इतिहासाच्या दृष्टीने मात्र या प्रयोगाचे महत्त्व आणखी एका कारणाने आहे. नाटकाच्या पदांना चाली देण्याचे काम गोविंदराव टेंबे यांच्याकडे सोपविण्यात आले होते.

त्यापूर्वी अण्णासाहेब किर्लोस्कर वा गोविंद बल्लाळ देवल हे नाटककार पदे रचतानाच त्यांच्या चाली ठरवीत. साकी, दिंडी, ओवी, लावणी, कर्नाटकी चाली हे त्यांचे साहित्य होते. पदाच्या शीर्षस्थानी ‘अमुक पदाच्या चालीवर’ असा निर्देश असे. नाटककाराहून भिन्न अशा व्यक्तीने केवळ संगीताची जबाबदारी उचलणे ही नवी गोष्ट होती आणि त्यामुळेच टेंबे यांना मराठी रंगभूमीवरील आद्य स्वतंत्र संगीतदिग्दर्शक मानले जाते.

टेंबे यांनी या नाटकात उत्तर हिंदुस्थानी संगीतातील ठुमरी, दादरा यांसारखे ललित प्रकार आणि रागदारीतील चिजा यांचा आधार घेतला. मूळ चीज आणि मराठी पद यांमध्ये मोठे अंतर असते. भाषा वेगळी, वृत्त वेगळे, प्रसंग वेगळा. शिवाय गाणारा नट प्रत्येक वेळी मुरलेला खयालगायक असेलच असे नाही. अशा वेळी मूळ गायनाचा सगळा विस्तार उचलता येत नाही. त्यातील ओळख पटविणारी स्वरवाक्ये तेवढी घ्यावी लागतात आणि विस्तार नटाच्या कुवतीवर सोपवावा लागतो. हे काम आणि पेटीच्या साथीचे काम यांची जात एकच आहे. टेंबे यांच्या चाली बालगंधर्वांच्या गळ्यात फुलल्या, कारण त्यांचा सांगाडा भक्कम होता व त्यावर भर घालण्यास जागा राखलेली होती.

या चालींची ताकद दहा वर्षांनी पुन्हा दिसून आली. ८ जुलै १९२१ रोजी टिळक स्वराज्य फंडासाठी मुंबईत झालेल्या ‘संयुक्त मानापमान’च्या प्रयोगात बालगंधर्व भामिनीच्या आणि केशवराव भोसले धैर्यधराच्या भूमिकेत उभे राहिले. अगदी भिन्न शैलीचे दोन गायक नट एकाच संगीतरचनेत आपापल्या परीने गाऊ शकले. रचना आणि गायन या दोन गोष्टी वेगळ्या काढता येतात, याचा याहून चांगला पुरावा कोणता असू शकेल?

दुसरा मार्ग : साताऱ्यातील प्रयोग

‘मानापमान’ रंगभूमीवर आले त्याच १९११ साली सातारा येथे पेटीच्या प्रश्नाला अगदी वेगळे उत्तर शोधले जात होते. इंग्रज मुलकी सेवेतील अधिकारी ई. क्लेमेंट्स आणि डेप्युटी कलेक्टर राहिलेले कृष्णाजी बल्लाळ देवल यांनी तेथे ‘फिलहार्मॉनिक सोसायटी ऑफ वेस्टर्न इंडिया’ ही संस्था स्थापन केली. देवल यांचा बावीस श्रुतींवरील इंग्रजी प्रबंध १९१० मध्ये, तर क्लेमेंट्स यांचा हिंदुस्थानी संगीताच्या अभ्यासाचा परिचयग्रंथ १९१३ मध्ये प्रसिद्ध झाला. पुढे मिरजेत स्थायिक झालेले उस्ताद अब्दुल करीम खाँ यांच्या गळ्यातील स्वर देवल यांनी आपल्या प्रयोगांसाठी आधारभूत मानले होते.

दोष वाद्याचा आहे, तेव्हा वाद्यच दुरुस्त करावे, असा या मंडळींचा विचार होता. त्यानुसार लंडनच्या मूर अँड मूर या कंपनीकडून श्रुतींना अनुसरून मिळविलेली विशेष हार्मोनियम तयार करवून घेण्यात आली. तथापि १९१६ च्या बडोदे येथील अखिल भारतीय संगीत परिषदेत श्रुतींच्या मापनाविषयी तीव्र मतभेद झाले. पंडित विष्णु नारायण भातखंडे यांना हे गणित मान्य नव्हते. ही हार्मोनियम पुढे प्रचारात आली नाही.

तिच्या अपयशाचे कारण केवळ विद्वानांच्या मतभेदात शोधणे पुरेसे नाही. श्रुतींनुसार मिळविलेले वाद्य एका षड्जाला बांधलेले असते. षड्ज बदलला की सारे हिशेब बदलतात. मैफलीत एकच गायक असतो, तेथे हे एक वेळ चालू शकते. नाटकगृहात मात्र पट्टी सतत बदलते आणि तेथेच पेटीची गरज सर्वाधिक होती. म्हणजे ज्या बारा समान भागांमुळे पेटी शास्त्रकारांना सदोष वाटली, त्यामुळेच ती रंगभूमीला सोयीची झाली. क्लेमेंट्स व देवल यांनी वाद्य बदलण्याचा प्रयत्न केला. टेंबे यांनी वाद्य आहे तसे ठेवून वादकाचा कान व हात बदलला. इतिहासाने तूर्त दुसरा मार्ग स्वीकारला.

नाटक मंडळीपासून बोलपटापर्यंत

१९१३ मध्ये बालगंधर्व, गणपतराव बोडस आणि गोविंदराव टेंबे या तिघांनी किर्लोस्कर मंडळीतून बाहेर पडून गंधर्व नाटक मंडळी स्थापन केली. एका पेटीवादकाने नामांकित नाटक मंडळीचा भागीदार व्हावे, ही त्या काळच्या सामाजिक दृष्टीने लक्षणीय घटना होती. साथीदार हा मंडळीचा पगारी नोकर मानला जात असे. टेंबे यांच्या भागीदारीने वादकाचा दर्जा मालकाच्या बरोबरीला आला. पुढे ही भागीदारी सोडून त्यांनी शिवराज नाटक मंडळी काढली आणि रंगभूमीवर भूमिकाही केल्या. गंधर्व मंडळीच्या ‘स्वयंवर’ (१९१६) नाटकाचे संगीत भास्करबुवा बखले यांनी दिले. म्हणजे टेंबे यांनी पाडलेल्या पायंड्यावरून त्यांच्या गुरुस्थानी असलेला थोर गायक चालला, असे म्हणता येईल.

बोलपटाच्या आगमनानंतर टेंबे यांच्या कारकिर्दीला पुन्हा नवे वळण मिळाले. कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीचा ‘अयोध्येचा राजा’ हा पहिला मराठी बोलपट ६ फेब्रुवारी १९३२ रोजी प्रदर्शित झाला. व्ही. शांताराम यांनी दिग्दर्शित केलेल्या या चित्रपटात टेंबे यांनी हरिश्चंद्राची भूमिका केली. तारामतीच्या भूमिकेत दुर्गा खोटे होत्या. संगीतही टेंबे यांचेच होते. त्याच वर्षीच्या ‘माया मच्छिंद्र’मध्येही त्यांनी भूमिका व संगीत अशी दुहेरी जबाबदारी सांभाळली, १९३३ मधील ‘सिंहगड’ व ‘सैरंध्री’ यांचे संगीतही त्यांनी दिले. पार्श्वगायनाची पद्धत तेव्हा रूढ झालेली नव्हती. नटाने कॅमेऱ्यासमोर गावे आणि वादकांनी चौकटीबाहेर बसून साथ करावी, अशी रीत होती. पन्नाशीत पोहोचलेल्या टेंबे यांना हे तंत्र आत्मसात करणे जड गेले नाही, याचेही कारण नाटकगृहातील दीर्घ सरावात आहे.

‘माझा संगीत व्यासंग’ (१९३९) आणि ‘माझा जीवनविहार’ (१९४८) या ग्रंथांनी त्यांनी आपल्या काळाची नोंद करून ठेवली. साथीदाराने स्वतःच्या शब्दांत संगीताचा इतिहास सांगावा, असे फारसे घडत नव्हते. गायकांच्या मैफली त्यांनी ज्या जागेवरून ऐकल्या होत्या, ती जागा श्रोत्याला लाभत नाही आणि गायकालाही नाही.

नभोवाणीचा बहिष्कार आणि नंतरचा काळ

‘माझा संगीत व्यासंग’ प्रसिद्ध झाल्यानंतर दुसऱ्याच वर्षी पेटीवर मोठा आघात झाला. ऑल इंडिया रेडिओच्या पाश्चात्त्य संगीत विभागाचे प्रमुख, इंग्रज संगीतकार जॉन फोल्ड्स यांनी १९३८ मध्ये हार्मोनियमविरुद्ध लेख लिहिला होता. रवींद्रनाथ ठाकूर यांनीही जानेवारी १९४० मध्ये कलकत्ता केंद्राला पत्र लिहून या वाद्यास विरोध दर्शविला. १ मार्च १९४० पासून नभोवाणीवर पेटीला मज्जाव करण्यात आला. मींड नाही, श्रुती नाहीत आणि वाद्य परके आहे, हे तीन आक्षेप प्रमुख होते. पहिले दोन आक्षेप तांत्रिकदृष्ट्या खरे होते. तिसऱ्याला मात्र महाराष्ट्रापुरते तरी उत्तर मिळालेले होते. ज्या वाद्याच्या आधाराने तीस वर्षे नाट्यसंगीत वाढले, त्याला परके म्हणणे इतिहासाला धरून नव्हते.

स्वातंत्र्यानंतरही ही बंदी कायम राहिली. १९७० मध्ये आकाशवाणीने आयोजित केलेल्या चर्चासत्रानंतर १९७१ मध्ये ती अंशतः शिथिल झाली. साथीला परवानगी मिळाली, एकलवादनाला मात्र त्यानंतरही अनेक दशके वाव मिळाला नाही. टेंबे यांचे निधन ९ ऑक्टोबर १९५५ रोजी, म्हणजे बंदीच्या काळातच झाले. आपल्या मूळ वाद्याची पुनःस्थापना त्यांना पाहता आली नाही.

नभोवाणीने दार लावून घेतले तरी पेटीची साधना थांबली नाही. पी. मधुकर यांनी एकलवादनाची वाट रुंद केली. त्यांचे शिष्य, गोव्यातील बोरी गावचे तुळशीदास बोरकर (१९३४–२०१८) यांना २०१६ मध्ये पद्मश्री मिळाली. अप्पा जळगावकर (१९२२–२००९) यांनी साथसंगतीत मानदंड निर्माण केला. नागपूरचे मनोहर चिमोटे यांनी पेटीला स्वरमंडळाची जोड देऊन तिला ‘संवादिनी’ म्हटले. डॉ. विद्याधर ओक यांनी अलीकडच्या काळात बावीस श्रुतींची हार्मोनियम सिद्ध करून साताऱ्यातील १९११ चा प्रश्न नव्या तंत्राने पुन्हा हाती घेतला. टेंबे आणि देवल यांचे दोन्ही मार्ग अशा रीतीने आजही वाहते आहेत.

समारोप

वरील विवेचनावरून काही गोष्टी स्पष्ट होतात. पहिली अशी की, टेंबे यांच्या विविध भूमिका हे परस्परांशी असंबद्ध असे पराक्रम नाहीत. पेटीच्या साथीतून लाभलेली पृथक्करणाची दृष्टी हे त्यांचे समान सूत्र आहे. दुसरी अशी की, वाद्याची मर्यादा ही नेहमीच कलेची मर्यादा ठरत नाही. जे वाद्यातून निघत नाही ते श्रोत्याच्या मनात कसे उमटवावे, हा प्रश्न पेटीने टेंबे यांच्यापुढे टाकला आणि त्याचे उत्तर शोधताना मराठी रंगभूमीला पहिला स्वतंत्र संगीतकार मिळाला. तिसरी गोष्ट अशी की, कोणते वाद्य आपले व कोणते परके हे त्याच्या जन्मस्थानावरून ठरविणे योग्य नाही. समाजाने त्याच्याकडून कोणते काम करवून घेतले, यावरून ते ठरवावे लागते.

टेंबे यांचे वादन आज आपणापर्यंत पोहोचते ते मुख्यतः त्यांच्या चालींतून. २०२५ मध्ये ‘संगीत मानापमान’ हा मराठी चित्रपट शंकर-एहसान-लॉय यांच्या संगीताने प्रदर्शित झाला, तेव्हा शतकापूर्वीच्या मूळ चालींची आठवण पुन्हा निघाली. मात्र एका टेंब्यांच्या कीर्तीवर समाधान मानून भागणार नाही. सातारा व सांगली जिल्ह्यांतील गावोगावी बैठ्या भजनाला, कीर्तनाला, शाळेच्या स्नेहसंमेलनाला आणि हौशी नाटकाला पेटी वाजविणाऱ्यांची मोठी फळी होऊन गेली. पालखीसोबत चालणाऱ्या दिंडीत वीणा, टाळ व पखवाज असतात. पण पालखीच्या मुक्कामाच्या लोणंदसारख्या गावात भजनी मंडळ फडातून उठून देवळात बसले की पेटी उघडली जाते. तिच्या वादकांची नावे कोणत्याही ग्रंथात नाहीत. त्यांच्या वह्या, चालींच्या नोंदी आणि हयात असलेल्यांच्या मुलाखती संकलित करण्याचे काम ग्रामीण महाविद्यालयांतील इतिहास व मराठी विभागांना सहज हाती घेता येण्याजोगे आहे. हयात असलेली पिढी वयोवृद्ध आहे. म्हणून हे काम लवकर होणे अगत्याचे आहे.